बोनस कळतो, हिशेब कळत नाही

"बेचाळीस हजार भरले आणि पंचेचाळीस हजार बोनस पडला." आयुर्विम्याची पॉलिसी विकताना हे वाक्य हमखास कानावर येतं. ऐकणाऱ्याला वाटतं, हप्त्यापेक्षा बोनसच मोठा, मग यात तोटा कसला? वाक्य खोटं नसतं. त्यातली तारीख मात्र सांगायची राहून जाते. तो पंचेचाळीस हजारांचा बोनस हातात पडणार असतो मुदतपूर्तीला, म्हणजे आणखी २४ वर्षांनी. वर्षाला ७ टक्के दर धरला तर २४ वर्षांनी मिळणाऱ्या ४५ हजारांचं आजचं मोल जेमतेम ८,९०० रुपये होतं.

हे उदाहरण शेवटपर्यंत धरून ठेवू. विमा रक्कम १० लाख, मुदत २५ वर्षं, वार्षिक हप्ता ४२ हजार, बोनस हजारी ४५, म्हणजे विमा रकमेच्या दर हजारामागे वर्षाला ४५ रुपये. आकडे गणितासाठी धरलेले आहेत, पण बचतीच्या सहभागी, म्हणजे नफ्यात वाटा देणाऱ्या, पॉलिसीची ठेवण अशीच असते. हा बोनस साधा असतो. तो विमा रकमेवर मोजतात, आधी जमलेल्या बोनसवर बोनस मिळत नाही. २५ वर्षांत ११ लाख २५ हजार बोनस जमतो, वर विमा रक्कम १० लाख, म्हणजे एकूण २१ लाख २५ हजार. भरलेले हप्ते १० लाख ५० हजार. पैसे दुप्पट झालेले दिसतात, पण परतावा वर्षाला ५ टक्क्यांच्या किंचित वर. त्यात जोखमीचं संरक्षणही मिळालेलं असतं, म्हणून बँकेच्या ठेवीशी त्याची थेट तुलना करू नये. तरीही हा दर पॉलिसीधारकाला माहीत असायला हवा, आणि बहुतेकांना तो माहीत नसतो.

आता हेच गणित हप्त्याहप्त्याने मांडून पाहा. भरलेल्या प्रत्येक हप्त्यामागे विमा रकमेचा पंचविसावा भाग, म्हणजे ४० हजार, आणि त्या वर्षीचा बोनस ४५ हजार, असे मुदतपूर्तीचे ८५ हजार पक्के होतात. पंचवीस हप्त्यांत प्रत्येकाचा वाटा ८५ हजारांचाच. पण पहिल्या हप्त्याला त्यासाठी २५ वर्षं थांबावं लागतं, म्हणून त्याचा परतावा ३ टक्क्यांच्याही खाली येतो. शेवटचा हप्ता ४२ हजारांचा, आणि त्याचे ८५ हजार एका वर्षात येतात. पॉलिसीची सारी मलई अशी शेवटच्या वर्षांत असते. जो पहिल्या पाच वर्षांत पॉलिसी सोडतो, तो सगळ्यात कमी परताव्याचे हप्ते भरून निघून जातो. जो वीस वर्षं भरून कंटाळून थांबतो, तो सगळ्यात जास्त परताव्याचे हप्ते भरायचे सोडून देतो. दोघांचंही नुकसान होतं आणि दोघांनाही ते कुणी कागदावर दाखवलेलं नसतं.

भारतीय आयुर्विमा महामंडळासारख्या जुन्या, विश्वासाच्या संस्थेबद्दल मागणी करायची तर ती हीच आहे. सहभागी पॉलिसीच्या प्रत्येक धारकाला दरवर्षी त्याच्या पॉलिसीचा आणि त्या पॉलिसीमागच्या निधीचा हिशेब द्या. पोर्टलवर कुठेतरी दिसणारा बोनसचा आकडा किंवा शाखेत विचारल्यावर सांगितली जाणारी सरेंडरची, म्हणजे पॉलिसी मध्येच मोडल्यास मिळणारी, रक्कम पुरेशी नाही. न मागता, घरी येणारा हिशेब हवा.

हा हक्क का, हे समजायला सहभागी पॉलिसी म्हणजे काय ते नीट पाहिलं पाहिजे. तिचा हप्ता मुद्दाम जरा चढा ठेवलेला असतो. मृत्यूचे दावे, खर्च आणि गुंतवणुकीवरचं उत्पन्न यांचे अंदाज विमागणिती, म्हणजे विम्याचं गणित मांडणारे तज्ज्ञ, सावधपणे बांधतात. प्रत्यक्ष अनुभव अंदाजापेक्षा बरा आला की शिल्लक उरते. दरवर्षी ३१ मार्चला मूल्यांकन होतं आणि त्या शिलकीतून बोनस जाहीर होतो. म्हणजे बोनस ही कंपनीने खूश होऊन दिलेली भेट नव्हे. तो पॉलिसीधारकाने जादा भरलेल्या पैशाचा आणि त्याच पैशावर मिळालेल्या उत्पन्नाचा परत आलेला भाग आहे. शिलकीचा फार मोठा हिस्सा पॉलिसीधारकांचा, हे तत्त्व १९५६ च्या महामंडळ कायद्याच्या कलम २८ मध्येच आहे. कित्येक दशकं ही वाटणी ९५ टक्के पॉलिसीधारकांना आणि ५ टक्के सरकारला अशी चालली. नफ्यातला एवढा मोठा वाटेकरी दुसऱ्या कुठल्या धंद्यात वर्षाचा हिशेब न पाहता गप्प बसला असता?

याच कायद्याच्या कलम ३७ चा आधार इथे बऱ्याचदा पुढे केला जातो. केंद्र सरकारची हमी आहे, मग चिंता कशाची? हमी आहे, आणि ती मोलाची आहे. पण ती विमा रकमेला आणि जाहीर झालेल्या बोनसला आहे. पुढच्या वर्षी हजारी ४५ मिळणार की ४०, याला कुणाचीच हमी नाही. आपल्या उदाहरणात बोनस हजारी ५ रुपयांनी सगळी वर्षं कमी राहिला तर मुदतपूर्तीला सव्वा लाख कमी येतात. हप्ता तेवढाच, हमी तीच.

त्याहून नाजूक जागा आहे अंतिम अतिरिक्त बोनसची. ठरावीक वर्षं पूर्ण केलेल्या पॉलिसीला तो शेवटी एकदाच मिळतो. आपल्या पॉलिसीला तो हजारी ४५० धरला तर साडेचार लाखांची भर पडते, एकूण रक्कम २५ लाख ७५ हजार होते आणि परतावा ५ टक्क्यांवरून ६.३ टक्क्यांच्या आसपास जातो. मिळणाऱ्या रकमेचा सहाव्या हिश्श्याहून मोठा भाग असा शेवटच्या वर्षीच्या एका निर्णयावर टांगलेला असतो. तो निर्णय कशाच्या आधारे झाला, गेल्या वर्षीपेक्षा दर का बदलला, हे सांगणारं एक ओळीचं पत्रही धारकाला येत नाही.

आणि गेल्या काही वर्षांत या हिशेबाची चौकटच बदलली आहे. २०२१ च्या वित्त कायद्याने महामंडळाच्या कायद्यात दुरुस्ती झाली. आधी सगळ्या धंद्याचा एकच आयुर्विमा निधी होता. सप्टेंबर २०२१ अखेर त्याचे सहभागी आणि असहभागी असे दोन भाग झाले. असहभागी धंदा म्हणजे टर्म विमा, ॲन्युइटी (रक्कम भरून ठरावीक दराने मिळणारी पेन्शन), हमी परताव्याच्या पॉलिसी वगैरे. त्याची शिलकी आता पूर्णपणे भागधारकांची. सहभागी निधीतला भागधारकांचा वाटाही ५ टक्क्यांवरून आधी साडेसात आणि २०२४-२५ पासून १० टक्क्यांवर गेला.

यातल्या दुसऱ्या बदलावर फार आरडाओरडा करण्यात अर्थ नाही. खासगी कंपन्यांची वाटणी सुरुवातीपासून ९०:१० अशीच आहे. खरा बदल पहिला आहे. एकच निधी होता तेव्हा टर्म आणि ॲन्युइटीच्या धंद्यातली शिलकीही सामायिक थैलीत पडायची आणि तिचा ९५ टक्के भाग सहभागी पॉलिसीधारकांसाठी असायचा. तो ओघ आता थांबला. केवढा, ते महामंडळाच्याच आकड्यांवरून दिसतं. भागधारकांच्या दृष्टीने कंपनीची किंमत सांगणारं अंतर्भूत मूल्य ३१ मार्च २०२१ ला ९५,६०५ कोटी रुपये होतं. सहा महिन्यांनी, ३० सप्टेंबर २०२१ ला, ते ५,३९,६८६ कोटी झालं. सहा महिन्यांत धंदा पाचपट वाढला नव्हता. निधीची वाटणी बदलली होती. पुढे २०२१-२२ मध्ये ४,०४३ कोटी असलेला निव्वळ नफा २०२२-२३ मध्ये ३६,३९७ कोटींवर गेला. त्यातले सुमारे २७ हजार कोटी असहभागी निधीतून भागधारकांच्या खात्यात वळवलेले होते.

हे बेकायदा झालं असं कुणी म्हणू नये. संसदेने कायदा केला. त्याला आव्हान मिळालं, तेव्हा सर्वोच्च न्यायालयाने १२ मे २०२२ रोजी महामंडळाच्या शेअर विक्रीला अंतरिम स्थगिती नाकारली, आणि १७ मे रोजी महामंडळाचा शेअर बाजारात आला. पॉलिसीधारकांना त्या विक्रीत राखीव वाटा आणि ९४९ रुपयांच्या किमतीवर ६० रुपयांची सूट होती. पण ही सूट शेअर घेऊ शकणाऱ्यांनाच मिळाली. डिमॅट खातं नसलेला, गावातल्या एजंटाकडे वर्षानुवर्षं हप्ता देणारा धारक त्यात कुठेच नव्हता. त्याच्या पॉलिसीच्या भावी बोनसवर या वाटणीचा काय परिणाम होईल, हे त्याच्या भाषेत त्याला समजावून सांगणं ही किमान जबाबदारी होती. आजही आहे.

भागधारकांना मात्र सगळं मिळतं. दर तिमाहीला निकाल, विश्लेषकांसमोर सादरीकरण, प्रश्नोत्तरं. ते योग्यच आहे, बाजारात आलेल्या कंपनीकडून ती अपेक्षाच असते. पण ५० लाख कोटींहून मोठ्या ज्या मालमत्तेचं महामंडळ व्यवस्थापन करतं, ती फार करून पॉलिसीधारकांच्या पैशाची आहे. ज्याचा पैसा त्याला पावती, आणि ज्याचा शेअर त्याला अहवाल, ही विषमता टिकू देता कामा नये.

हिशेब झाकलेला राहिला की काय होतं, याचं उदाहरण लंडनमध्ये घडलं. इक्विटेबल लाइफ १७६२ साली स्थापन झालेली, सभासदांच्या मालकीची, अत्यंत प्रतिष्ठित संस्था. तिने १९८८ पर्यंत विकलेल्या अनेक पेन्शन पॉलिसींत ॲन्युइटीचा किमान दर हमीने लिहून दिला होता. १९९० च्या दशकात व्याजदर उतरले आणि ती हमी महाग पडू लागली. संचालकांनी मार्ग काढला. हमीचा दर मागणाऱ्याचा अंतिम बोनस कमी करायचा. जुलै २००० मध्ये हाउस ऑफ लॉर्ड्सने, म्हणजे ब्रिटनच्या तेव्हाच्या सर्वोच्च न्यायालयाने, तो अवैध ठरवला. सुमारे दीड अब्ज पौंडांचा बोजा पेलायला संस्थेकडे राखीव शिल्लक नव्हती, कारण तिने गंगाजळी साठवण्याऐवजी बोनस वाटण्याचंच धोरण ठेवलं होतं. ८ डिसेंबर २००० रोजी नवीन पॉलिसी देणं बंद झालं आणि पुढच्या जुलैत पेन्शन पॉलिसींची मूल्यं १६ टक्क्यांनी कापली गेली. दरवर्षी जाहीर होणारे बोनस आकर्षक होते. त्यामागे किती मालमत्ता आहे, हे सभासदाला दिसत नव्हतं.

महामंडळ इक्विटेबलच्या वाटेवर आहे असं इथे अजिबात सुचवायचं नाही. सरकारी हमी आहे आणि बोनसबाबत महामंडळाची चाल सावध राहिली आहे. घ्यायचा तो धडा नंतरच्या सुधारणेचा. ब्रिटनमध्ये सहभागी निधी चालवणाऱ्या कंपनीला बोनस कसा ठरवतो, नफातोटा पिढ्यांमध्ये कसा वाटतो, याची तत्त्वं आणि पद्धत लिहून प्रसिद्ध करावी लागते. ती पाळली की नाही, याचा अहवाल दरवर्षी पॉलिसीधारकांसाठी काढावा लागतो.

आपल्याकडे यंत्रणा नाही असं नाही. सहभागी धंदा करणाऱ्या विमा कंपनीत 'विथ प्रॉफिट्स' समिती असते. तिच्यात स्वतंत्र संचालक, स्वतंत्र विमागणिती, नियुक्त विमागणिती आणि मुख्य अधिकारी बसतात. सहभागी निधीवर कोणता खर्च टाकला, गुंतवणुकीचं उत्पन्न किती धरलं आणि प्रत्येक पॉलिसीचा निधीतला वाटा कसा काढला, हे ती तपासते. या वाट्याला धंद्यात 'ॲसेट शेअर' म्हणतात. समितीचा अहवाल नियामकाकडे जाणाऱ्या विमागणिती अहवालाला जोडला जातो. म्हणजे हवी ती माहिती तयार होते, तपासली जाते आणि फाइलमध्ये जाते. ज्याच्यासाठी ती तपासली, त्याच्यापर्यंत ती येत नाही.

हा वार्षिक हिशेब पाठपोट एका कागदावर मावेल. एका बाजूला स्वतःच्या पॉलिसीची माहिती: आजवर भरलेले हप्ते, जमलेला बोनस, आज सरेंडर केल्यास मिळणारी रक्कम, आज पेड-अप केल्यास, म्हणजे पुढचे हप्ते थांबवून पॉलिसी न मोडता ठेवल्यास, मुदतपूर्तीला मिळणारी रक्कम, सध्याचा बोनस कायम राहिल्यास पूर्ण मुदतीची रक्कम, आणि या तिन्हींचा वार्षिक परतावा टक्क्यांत. दुसऱ्या बाजूला निधीची माहिती: सहभागी निधीला वर्षभरात किती उत्पन्न झालं, खर्च किती पडला, शिलकी किती निघाली, तिच्यातलं भागधारकांना किती गेलं, बोनसचा दर वाढला किंवा घटला तर का. शिवाय एक आकडा आवर्जून हवा. पॉलिसी विकताना ४ टक्के आणि ८ टक्के उत्पन्न गृहीत धरून लाभाचं चित्र काढतात आणि त्यावर ग्राहकाची सही घेतात. तो कागद पुढे कुणी उघडत नाही. या वर्षाअखेर आपण त्या दोन रेषांच्या मध्ये नक्की कुठे उभे आहोत, ते दरवर्षी दाखवा.

खर्च फार होईल हा आक्षेप टिकत नाही. १ ऑक्टोबर २०२४ पासून लागू झालेल्या नियमांनुसार पहिलं वर्ष पूर्ण झालं आणि त्या वर्षाचा हप्ता भरलेला असला की विशेष सरेंडर मूल्य द्यावं लागतं. ते किमान किती असावं याचं सूत्रही ठरलेलं आहे. पेड-अप लाभ आणि जमलेला बोनस यांचं आजचं मूल्य काढायचं, आणि त्यासाठीचा दर दहा वर्षांच्या सरकारी रोख्याच्या दरापेक्षा जास्तीत जास्त अर्धा टक्का वर ठेवायचा. हे काढायची सोय संगणकावर करावीच लागली. तोच आकडा छापून किंवा मोबाइलवर पाठवायला वेगळं गणित लागत नाही.

दुसरा आक्षेप जास्त गंभीर आहे. सरेंडरची रक्कम दरवर्षी डोळ्यांसमोर आली तर घाबरून लोक पॉलिसी मोडतील, असं जुने जाणते एजंट मनापासून सांगतात. सुरुवातीच्या वर्षांबद्दल त्यांची भीती खरी आहे. आपल्या पॉलिसीत पाच वर्षांनी २ लाख १० हजार भरलेले असतात. पेड-अप विमा रक्कम २ लाख आणि बोनस सव्वादोन लाख, म्हणजे २० वर्षांनी मिळणारे सव्वाचार लाख. साडेसात टक्क्यांनी त्यांचं आजचं मूल्य साधारण एक लाख येतं. हमी असलेलं सरेंडर मूल्य हप्त्यांच्या ५० टक्के, म्हणजे १ लाख ५ हजार, आणि वर जमलेल्या बोनसच्या मूल्याचा काही भाग. विशेष मूल्य आणि हमीचं मूल्य यांतलं जे जास्त ते मिळतं. भरलेल्याच्या निम्म्याहून थोडंच वर. हा आकडा पाहून माणूस हादरणारच. पण तो पाचव्या वर्षी प्रथमच दिसला म्हणून हादरतो. पॉलिसी हातात पडतानाच दिसला असता तर एवढ्या मोठ्या हप्त्याची पॉलिसी झेपणार आहे का, हे त्याने मोफत पडताळणीच्या, म्हणजे नको असलेली पॉलिसी परत करण्याच्या, ३० दिवसांत ठरवलं असतं.

आणि शेवटच्या वर्षांत हाच कागद पॉलिसी वाचवेल. वीस हप्ते भरलेल्या माणसाने पॉलिसी पेड-अप केली तर मुदतपूर्तीला ८ लाख आणि ९ लाख बोनस, असे १७ लाख मिळतात. उरलेले पाच हप्ते भरले तर २१ लाख २५ हजार. म्हणजे २ लाख १० हजार भरून सव्वाचार लाख जास्त, आणि तेही पाच वर्षांत. अंतिम अतिरिक्त बोनस अजून मोजलेलाच नाही. मुलांच्या फी, घरचं आजारपण, दुकानाची देणी यांसाठी अठराव्या-विसाव्या वर्षी पॉलिसी मोडणारा माणूस हे आकडे शेजारी शेजारी पाहील, तर सरेंडर करण्याऐवजी पॉलिसीवर कर्ज घेईल. आज त्याला शाखेतून फक्त सरेंडरचा आकडा मिळतो आणि तो त्यावर सही करतो.

लोकांना हे कळणार नाही, हा तिसरा आक्षेप तर ऐकूनही घेऊ नये. हजारी बोनस तोंडपाठ असलेला ग्राहक टक्केही समजू शकतो.

नियम बदलेपर्यंत धारकाने थांबू नये. शाखेत लेखी अर्ज द्या आणि एकाच पत्रात सरेंडर मूल्य, पेड-अप मूल्य, जमलेला बोनस आणि पॉलिसीवर मिळू शकणारं कर्ज, चारही आकडे मागा. अर्जाच्या प्रतीवर पोहोच घ्या, तोंडी उत्तरावर निर्णय घेऊ नका. उत्तर आलं नाही तर तक्रार निवारण अधिकाऱ्याकडे, मग विमा नियामकाच्या 'बीमा भरोसा' पोर्टलवर जा. एका महिन्यात समाधान झालं नाही तर विमा लोकपालाकडे दाद मागता येते. लोकपालाची कार्यालयं मुंबईत आणि पुण्यातही आहेत, फी लागत नाही, वकील लागत नाही, आणि ५० लाखांपर्यंतचा वाद तिथे चालतो. कंपनीने तक्रार फेटाळल्यापासून एक वर्षाच्या आत जायचं, एवढं ध्यानात ठेवा.

१९ जानेवारी १९५६ रोजी अर्थमंत्री चिंतामणराव देशमुखांनी आकाशवाणीवरून आयुर्विम्याचं राष्ट्रीयीकरण जाहीर केलं. लोकांनी विश्वासाने ठेवलेला पैसा मालकीचा समजून वापरणाऱ्या कंपन्या हे त्यामागचं एक मोठं कारण होतं. १ सप्टेंबरला महामंडळ उभं राहिलं आणि महामंडळाने उद्योगपती हरिदास मुंदडाच्या सहा कंपन्यांत सव्वा कोटीच्या आसपास रक्कम गुंतवल्याचं प्रकरण डिसेंबर १९५७ मध्ये फिरोज गांधींनी लोकसभेत काढलं. न्यायमूर्ती छागलांनी त्याची चौकशी मुंबईत सर्वांसमोर, खुली घेतली. आत मावत नव्हती त्या गर्दीला ऐकू जावं म्हणून बाहेर लाउडस्पीकर लावले होते. अर्थमंत्री कृष्णम्माचारींना राजीनामा द्यावा लागला. पॉलिसीधारकांच्या पैशाचा हिशेब भर चौकात ऐकवण्याची रीत या संस्थेला तिच्या दुसऱ्याच वर्षी पडली होती. पुढच्या ३१ मार्चच्या मूल्यांकनानंतर बोनस जाहीर होईल, तेव्हा त्या दराबरोबर हा पाठपोट कागदही निघावा. त्यासाठी कायद्यात बदल करण्याचीही गरज नाही, महामंडळाच्या संचालक मंडळाचा एक ठराव पुरतो.